ओठ मिळाले, तोंड नाही

४ मार्च

नवं काम आलं. मी कार्टून म्हणाले तर स्टुडिओतले सर उखडले — "कार्टून नाही, ॲनिमे!" बरं बाबा, जपानी ॲनिमे. पहिल्या भागाची सुरुवात अशी — एक बस-ड्रायव्हर मरतो आणि दोन चंद्र असलेल्या, जादूगारांच्या जगात बाळ होऊन पुन्हा जन्मतो. आधीचं सगळं आठवतं, बोलता मात्र येत नाही!

मराठी डबिंगचे संवाद लिहायचं काम माझ्याकडे. पडद्यावर ओठ मिटले की आपल्या शब्दातही तिथे प, ब, म असं काहीतरी यायलाच हवं. बाबांना गोष्ट सांगितली. हसले असावेत. पक्षाघातानंतर चेहऱ्याची उजवी बाजू तेवढी हलते.

५ मार्च

डॉक्टर म्हणाले, "त्यांना सगळं कळतं. फक्त बोलता येत नाही." फक्त!

दादाने फोनवरूनच ठरवून टाकलं — डोळे मिटले की हो. बाबांना कुणी विचारलं? मीही नाही.

७ मार्च

बाबांचे ओठ हलले! आवाज नाही, पण एकदा मिटले, मग उघडले. दोन अक्षरं. माझा धंदाच हा, झटकन ओळखलं — पाणी! डॉक्टरांनी सांगितलं होतं तसं उशीला टेकवून बसवलं, चमच्याने पाजलं. ठसका लागला. ओठ पुन्हा तसेच. पुन्हा चमचा.

"पाणीच ना, बाबा?" डोळे मिटले.

आत्या पाठ चोळत म्हणाली, "तू होतीस म्हणून कळलं गं. माझा भाऊ तहानेने तळमळला असता." मला मूठभर मांस चढलं.

८ मार्च

दर चमच्याला ठसका, तरी मागतातच. डोळ्यांतून धार लागते. न द्यावं तर माझा जीव तुटतो, द्यावं तर त्यांचा घाबरा होतो. काय करू? कुणी सांगेल का मला?

१० मार्च

पाणी. पाणी. पाणी.

११ मार्च

बाळाच्या प्रसंगाशी अडले होते. दाई त्याला वाटी-चमच्याने भरवते आहे, ते काहीतरी म्हणतं, मूळ संहितेत नुसतं 'बाळ बडबडतं'. शेवटी आमच्या घरातलाच शब्द दिला — पाणी. ओठ बरोबर मिळाले!

१२ मार्च

सरांनी चित्र थांबवलं. "ओठ मिळाले, तोंड नाही मिळालं. 'पा' म्हणताना जबडा खाली येतो. ह्याचं तोंड गोल होतंय, बघ की! आणि चेहरा बघितलास? हा मागतोय का काही?"

पुन्हा पुन्हा पाहिलं. खरंच गोल. 'पा' नाही, 'पु'. दाईचा चमचा पुढे येतोय, बाळ मान मागे घेतंय. मी टाइप केलं — पुरे.

चपखल बसलं. "शाब्बास!" सर म्हणाले. मी तशीच उठले. पर्स तिथेच विसरून घरी आले.

बाबांसमोर बसले. ओठ हलले तेव्हा पहिल्यांदाच तोंडाकडे पाहिलं. उजवा कोपरा गोल होतो. रोज होत असणार. आणि मी काय केलं? चमच्यावर चमचे! ते डोळे मिटत होते ते 'हो' म्हणून नाही — माझ्यापुढे हात टेकले होते त्यांनी. मेले मी लाजेने.

"चुकले हो बाबा," म्हटलं. दुसरं काय म्हणणार?

१३ मार्च

आज पाणी पुढे केलंच नाही. चमचा, पेला, सगळं आत नेऊन ठेवलं. नुसता हात धरून बसले. ओठ तरीही तेच म्हणत होते — पुरे.