वेळावदची आखाजी

लोणखेडा,
वैशाख वद्य दशमी, शके १८६५

तीर्थस्वरूप सौ. दगूआक्का यांस, मुक्काम नवापूर, धाकटा भाऊ हिलाल याचा शिरसाष्टांग नमस्कार. इकडे गाय, दोन्ही बैल, मी आणि तुझी भावजय प्रमिला असे सगळे खुशाल आहोत. तुझ्या गुडघ्याला उतार पडला का, दाजींचा खोकला काय म्हणतो, ते कळवावे. रेवजी मास्तर तुला हे पत्र वाचून दाखवतील, त्यांनाही नमस्कार. (मास्तर, कंसातला मजकूर तुमच्यासाठी आहे, तो मोठ्याने वाचू नये. आक्का मध्येच उठून चुलीकडे जाऊ लागली तर तिला बसवून ठेवावे.)

यंदा आखाजीच्या, म्हणजे मास्तरांच्या पंचांगातल्या अक्षय्य तृतीयेच्या, आदल्या दिवशी तुला माहेरी न्यायला मी मुराळी म्हणून तुझ्या दारात हवा होतो, तो आखाजीचा दिवस मावळताना उगवलो. तोवर तुमच्या आळीतल्या साऱ्या लेकीसुना आपापल्या भावांबरोबर माहेरी जाऊन झोके घेत होत्या. तू मात्र गाठोडं बांधून दोन दिवस उंबऱ्याशी बसली होतीस, असं दाजींनी मला गोठ्यापाशी नेऊन सांगितलं. तू पाण्याचा तांब्या ठेवलास आणि एवढंच बोललीस, "माय ऱ्हाती ते गाडी चुकती नही." मग आत जाऊन गाठोडं सोडलंस. मी सकाळी एकटाच परत आलो, आणि घरी आल्यावर बैलांनासुद्धा तोंड दाखवायची लाज वाटली.

गाडी का चुकली ते ऐक. प्रकाश्याला तापीच्या वाळूत उखा भोईची खरबुजाची वाडी आहे. माय होती तेव्हा हंगामातलं पहिलं खरबूज ती तुझ्यासाठी कणगीमागे लपवून ठेवायची आणि मी ते हुंगून शोधून काढायचो. यंदा म्हटलं, तुझ्यासाठी तसंच न्यावं. मी एकेक खरबूज हुंगत गेलो आणि उखा माझ्यामागे एकेक पुन्हा वाळूत ठेवत आला. (मास्तर, किती हुंगली ते विचारू नका.) सूर्य पाहून मी अगदी वेळेवर निघालो. पण लढाईपायी सरकारने घड्याळं तासभर पुढे सरकवली आहेत, आणि आमच्या सूर्याला त्याचा हुकूम अजून आलेला नाही. नंदुरबारच्या फलाटावर पोचलो तर पोर्टर झाडू मारत होता. म्हणाला, "भाऊ, गाडी ते गई." दुसरी गाडी थेट दुसऱ्या दिवशी.

आक्का, त्या फलाटाच्या मागच्या अंगाने एक जुना रूळ जातो, आणि त्या रुळाने गेलं की वेळावद नावाचं शहर लागतं. मी तिथे जाऊन आलो. शहराच्या मधोमध बुरुजाएवढं एक वाफेचं यंत्र आहे, त्याचं पितळी चाक आपल्या विहिरीएवढं. आपल्या शहाद्याच्या जिनात कापूस सरकीपासून वेगळा करणाऱ्या यंत्रांवर जसे पट्टे फिरतात, तसे त्या चाकावरून गल्लोगल्ली पट्टे गेलेले, आणि ज्या गल्लीला जेवढा वेळ लागेल तेवढा ती ओढून घेते. शेतकऱ्यांच्या गल्लीत वैशाखातली दुपार कापतात आणि कापलेला तुकडा संध्याकाळला जोडतात. गवळ्यांकडचं दूध कधी नासत नाही. कचेरीच्या गल्लीत निकाल आधी लागतो, मग लोक भांडायचाच कंटाळा करतात. वकील बिचारे पत्ते खेळत बसलेले दिसले. (मास्तर, शाळेच्या गल्लीत सुट्टीचा पट्टा एकसारखा घसरत होता. तुमची आठवण झाली.)

आणि एक आखाजीची गल्ली आहे. शेवटची बहीण माहेरी पोचल्याशिवाय तिथला दिवस मावळत नाही. तिच्या तोंडाशी तुळशीबाई नावाची म्हातारी हातात यंत्राचा दांडा धरून बसते. उशीर झालेला भाऊ आला की विचारते, किती मागे नेऊ? मी म्हटलं, एक तास पुरे, फक्त गाडी सापडू दे. म्हातारीने दांडा माझ्या हातात दिला आणि ती तपकीर ओढायला वळली. तू मला ओळखतेस. मी तो मोटेचा नाडा ओढावा तसा सगळ्या अंगाने ओढला.

झालं, तास राहिला बाजूला, वर्षंच्या वर्षं भराभरा उलटली. समोर आपलं अंगण, दारचा निंब, त्याला झोका, झोक्यावर दोन वेण्यांची तू आणि मागून ढकलणारा शेंबडा मी. खापरावर पुरणाची पोळी भाजल्याचा वास येत होता. माय हात पुसत बाहेर आली. मिशा असलेला परका माणूस पाहून तिने पदर सावरला आणि पाण्याचा तांब्या पुढे केला. मला तिने ओळखलं नाही, आक्का. विचारलं, "कोनले लेवाले वनात, भाऊ?"

मी म्हटलं, दगूला न्यायला आलोय.

ती हसली. झोक्याकडे बोट करून म्हणाली, "दगू ते अजून आठेच शे."

मी ते पाणी प्यालो. फार गार होतं. त्या घरातून अजून कुणीच कुठे गेलेलं नव्हतं, म्हणून मुराळ्याला तिथे काही कामही नव्हतं. थोडा वेळ उभा राहिलो, तेवढ्यात शिट्टी झाली आणि मी धावत सुटलो. मला तुमच्याकडे यायला उशीर झाला तो असा. दाजींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझा
हिलाल

ता. क. वेळावद नावाचं शहर कुठेही नाही. चोवीस तास बाकावर बसलो होतो, तेवढ्या वेळात मी ते बांधलं. खरबूजही तिथेच खाल्लं. फिकं निघालं.

आणखी ता. क. आखाजीच्या दुसऱ्या दिवशी गावातले सगळे झोके उतरले. आपला अजून निंबाला आहे. तो मोटेच्या नव्या नाड्याने बांधला आहे, त्यामुळे मोट बंद आणि वांगी सुकत चालली आहेत. प्रमिला दोन दिवस बोललेली नाही. हिरामण पाटील रोज जाता-येता विचारतो, "हिलाल, तुन्ही आखाजी सरनी नही का अजून?" मी सांगतो, नाही, बहीण यायची आहे.

शेवटचा ता. क. (मास्तर, हे सावकाश वाचा.) पुढच्या सोमवारच्या गाडीने मी निघतो. आदल्या दिवशीच फलाटावर जाऊन बसणार आहे, स्टेशनच्या घड्याळाने. गाठोडं बांधायची घाई करू नकोस. तुझा राग जाईपर्यंत तुला हवा तेवढा वेळ घे. या खेपेला उंबऱ्याशी मी बसेन.