मोरिवाकी दीपगृहात बुडत नाहीत

मी, क्षिप्रा शिरीष परचुरे, वय एकोणतीस, राहणार क्लेमेंटी, सिंगापूर, पूर्ण शुद्धीत आणि कुणाच्या सांगण्यावरून नव्हे, हे लिहून ठेवते.

माझे आधीचे मृत्युपत्र रद्द समजावे. त्यात संग्रहाचे वर्णन करताना मी लिहिले होते की जपानी नट तेइझो मोरिवाकी एकाही चित्रपटात शेवटपर्यंत जगत नाहीत. हे चूक आहे. दीपगृहाच्या चित्रपटाच्या टेपवर बाबांनी अर्ध्यातून क्रिकेटचा सामना रेकॉर्ड केला होता. मोरिवाकी समुद्रात पडले की थेट फलंदाजी सुरू. म्हणून आम्ही त्यांना बुडालेले धरले. पूर्ण प्रत मला गेल्या महिन्यात मिळाली. ते पोहून वर येतात.

१. माझी बचत भाऊ अमेय याला. त्याने बुकित बातोकच्या फ्लॅटचे हप्ते फेडावेत, गाडी घेऊ नये.

२. चित्रपटांचा संग्रह बाबांना. त्यांच्या बदल्यांमुळे लहानपणी माझी शाळा घरीच, त्यांच्यापाशी होती. गणित झाले की मोरिवाकी. तरुणपणी ते राक्षसाच्या पायाखाली चिरडले जात, पुढे रबरी पोशाख घालून स्वतःच राक्षस झाले, उतारवयात टोळीयुद्धात दुसऱ्यासाठी पहिली गोळी खाणारे काका. नाव कायम शेवटच्या ओळीत. अमेय सिंगापुरी ढंगात म्हणे, "मेला अगेन, लाह." बाबा म्हणत, "मरतो, पण अंगचोरी करत नाही."

३. मी बाबांना एक मूत्रपिंड देत आहे. शस्त्रक्रियेत माझे काही बरेवाईट झाल्यास "पोरीने तुझ्यासाठी जीव दिला" असे त्यांना कुणी, विशेषतः मीनलआत्याने, ऐकवू नये. ऐकवल्यास तिच्यासाठी ठेवलेली माझी नथ तिला मिळणार नाही.

बाबा चार महिने नकार देत होते.

"त्या मोरिवाकीसारखी दुसऱ्यापायी मरायला निघालीस?"

"मरत नाहीये, बाबा."

"मग मृत्युपत्र कशाला केलंस?"

रविवारी आम्ही तो चित्रपट पूर्ण पाहिला. शेवटी मोरिवाकी खडकावर बसून मोजे पिळतात, कुणावर तरी वैतागतात.

"आपण उगाच मारला गं त्याला," बाबा म्हणाले. मग संमतीचा कागद मागून घेऊन त्यांनी सही केली.

व्यवस्थापक म्हणून अमेयला नेमते. मी फार थकले आहे, पण माझ्या मनात गोंधळ नाही.

सही: क्षिप्रा परचुरे
साक्षीदार: नीता वर्तक, विश्वास ओगले. दोघे माझ्या हार्बरफ्रंटच्या ऑफिसातले. दोघांनाही यातून काही मिळत नाही.
सिंगापूर, ११ मे २०१६

मंगळवार, १७ मे २०१६ रोजी सकाळी मी बाबांबरोबर रुग्णालयात दाखल होणार आहे.