सुरुवातीचे आठ सूर

मिलान, ३ फेब्रुवारी १९६४

ट्रामचा कंडक्टर तिकीट फाडता फाडता शिट्टीवर माझे आठ सूर वाजवत होता! गाणं नव्हे – गाण्याआधीचा ट्रंपेटचा तुकडा. गाणं संगीतकार बेर्तोन्चीचं, त्याने पियानोवर एका बोटाने वाजवून दाखवलं नि घरी गेला. व्हायोलिनं, कोरस, तो तुकडा – सगळं मी केलं. तबकडीवर नाव एकट्या त्याचं.

उतरून कॉफी प्यायला गेलो, तर कॉफीवालाही तेच गुणगुणतोय. डोकं फिरलं माझं.

८ फेब्रुवारी

बेर्तोन्चीला स्टुडिओतच गाठलं. म्हटलं, "मायेस्त्रो, लोक तुमचं गाणं नाही, माझे आठ सूर गुणगुणतायत." त्याने टाय सरळ केला. "अरे वीतो, शिवला म्हणून कोट काय शिंप्याचा होतो?" वादक फिदीफिदी हसले. "कापडच माझं आहे!" म्हणालो आणि तडक बाहेर पडलो.

९ फेब्रुवारी

घरी बायको, रोझाल्बा म्हणते, "आठ सुरांसाठी जन्मभराचं वैर घेणारेस का?"

घेणार! लग्नाआधीपासून दुसऱ्यांची गाणी नटवतोय. एकदा तरी माझं नाव छापलेलं बघायचंय. गावी बाबांना दाखवायचंय.

२० फेब्रुवारी

तबकड्यांच्या कंपनीत सांगून टाकलं – नाव नाही, तर यापुढे एकाही गाण्याला हात लावणार नाही. साहेबांनी नुसतं कॅलेंडरकडे पाहिलं. त्यांची सहा गाणी माझ्याकडे अडकलीत.

२४ फेब्रुवारी

फोन नाही. दोनदा रिसीव्हर उचलून पाहिला, चालू आहे. जेवण गार झालं म्हणून रोझाल्बा चिडली.

२ मार्च

मिळालं! नव्या तबकड्यांवर दोन नावं – बेर्तोन्ची आणि लोसाव्हियो. लोसाव्हियो म्हणजे मी!

कागदावर सही करताना बेर्तोन्चीने मान वर केली नाही. मग म्हणाला, "शपथेवर सांग. सूर तुझेच ना?"

"आईची शपथ," मी म्हटलं.

९ मार्च

पहिली तबकडी बाबांना पाठवली. आज जेवण गोड लागलं.

१५ मार्च

गावच्या बारमधून बाबांचा फोन. नेहमीसारखे ओरडून बोलत होते. "अरे, कताल्दो न्हाव्याला ऐकवलं! म्हातारा रडला रे! म्हणाला, बँडची मिरवणूक निघायच्या आधी दुकानाच्या पायरीवर बसून मी सुरुवातीचे हेच सूर वाजवायचो, ट्रंपेट गरम करायला. तुझा वीतो समोर बसून ऐकायचा. पोरगं विसरलं नाही म्हणाला!"

मी रिसीव्हर दुसऱ्या कानाला लावला.

"ऐकतोयस ना? तुझ्या सहीची तबकडी हवीय त्याला. लवकर पाठव, फार थकलाय."

१६ मार्च

तबकडी टेबलावर आहे. पेनाचं टोपण सकाळीच काढलंय. कुणाचं नाव लिहू?