मामंजींची सही

पार्सिपनी, अमेरिका, गुरुवार संध्याकाळ

माझ्याच हातानं करून घेतलं मेल्यानं! गेल्या नोव्हेंबरात मी गोव्याला सासरी, पेडण्याला गेले तेव्हा लेकानं, ओंकारनं, कागद दिला. म्हणाला, "आजोबांच्या पेन्शनचा हयातीचा दाखला आहे, सही आण." मी मराठी चौथी शिकलेली, परक्या भाषेतला कागद मला काय वाचता येणार? मामंजींनी चष्मासुद्धा शोधला नाही. सून सांगते ना, मग झालं. वाकड्या बोटानं सावकाश पूर्ण नाव लिहिलं.

आज तोच सहीचा कागद ओंकार पाकिटात भरताना दिसला, म्हणून विचारलं. लिस्बनला चाललाय! गोव्यात पोर्तुगिजांचं राज्य असताना आजोबा जन्मले, म्हणून त्यांचा जन्म तिकडे नोंदवायचा, मग नातवाला पोर्तुगालचा पासपोर्ट.

अरे, ते बोट कुणी वाकडं केलं? तिरंगा लावला म्हणून त्या पोर्तुगिजांच्याच शिपायांनी बंदुकीच्या दस्त्यानं ठेचलं ना?

"आई, चिल. ती हिस्टरी झाली. इथे जॉब गेला तर दोन महिन्यांत देश सोडायचा. हे झालं तर अख्खा युरोप ओपन."

भीती त्याची खरी आहे. कंपनीत माणसं काढायला लागले की पोरगा जेवत नाही, मी बघते. पण मागायचं तर आजोबांसमोर बसून मागायचं. दिलंही असतं त्यांनी, कोण जाणे. माझ्या तोंडून खोटं का वदवलंस?

पाकीट मी पिठाच्या डब्यात घातलंय. रविवारी सकाळी पेडण्याला फोन करायचा असतो. त्याआधी मला सांग ओंकार, त्यांना खरं तू सांगतोस की मी सांगू?