जिन्यावर लख्ख, न्हाणीघरात मिणमिणता

चौथीच्या वर्गात आम्ही कविता म्हणू लागलो की सगळी बाकं ठेक्यात वाजायची. तो ठेका मला अजून जसाच्या तसा ऐकू येतो. माझे डोके ठिकाणावर आहे याला दुसरा पुरावा मी देत नाही. नाटकांची प्रकाशयोजना करण्यात हयात घालवलेला मी, कोणाच्या दडपणाखाली नव्हे, फक्त घाईत, हे लिहून ठेवतो. छाती साथ देत नाही.

१. राहते घर माझ्या पश्चात पत्नीकडे तहहयात राहील. ते कोणी विकू नये, तिला तिथून हलवू नये. तिच्या डोळ्यांना आता उजेड किती आहे एवढेच कळते. म्हणून घरभर मी नाटकातले दिवे टांगले आहेत: जिन्यावर लख्ख, स्वयंपाकघरात मवाळ, न्हाणीघरात मिणमिणता. लख्ख दिसले की पाऊल आवरायचे. यावर ती एकटी वावरते आणि वर मलाच विचारते, "अहो, दूध उतू जातंय, दिसत नाही का?"

२. चिरंजीव म्हणतो, "आईला उजेड काय नि अंधार काय! मी नेतो तिला." त्याच्या घरी सगळीकडे एकसारखा झगझगाट. मागे नेली तेव्हा तिथे ती खुर्चीत बसली ती जेवायलाही उठेना. त्याला माझे कपाट, आणि आईच्या पश्चात घर. राग नाही, असे लिहिणार होतो. आहे.

३. शिडी व वायरी कोपऱ्यावरच्या वायरमनला. अट एकच: गेलेला दिवा त्याच दिवशी बदलावा, आणि तेवढाच प्रखर.

४. नाटक कंपनीच्या मॅनेजरला काहीही नाही. "तुमची पहाट फार वेळ खाते, बटण दाबा नि उजाडू द्या," असे तो सर्वांदेखत म्हणाला होता. अहो, आधी झुंजुमुंजू होते, मग तांबडे फुटते, मग फटफटते, तेव्हा कुठे कोवळे ऊन. प्रत्येकाला आपला शब्द आहे, तर आपला वेळही हवा.

५. हे शब्द हिचे. खिडकीशी बसून ती विचारते, "आता काय आहे?" मी सांगतो: तिरीप, कवडसा, रणरण, संधिप्रकाश. माझ्यामागे कोणी सांगावे, ते मला सुचत नाही. कलम अपुरे ठेवतो.

ठिकाण: राहते घर. दिनांक: आजचा, उन्हे कलताना.
(सही) लिहून ठेवणार

साक्षीदार पहिले: समोरचे डॉक्टर. (सही)

साक्षीदार दुसरे: मिळत नाही. म्हातारा भ्रमिष्ट झालाय, असे चिरंजीवाने गल्लीभर सांगून ठेवले आहे. शिंपी म्हणाला, "काका, घरच्या भांडणात आम्हाला नका ओढू." दुसऱ्या सहीवाचून हा कागद म्हणजे रद्दी, आणि ही उद्या त्या खुर्चीत. डॉक्टर निघाले आहेत. मी त्यांची बाही धरून…

दार वाजले. सूनबाई. एकटीच, धापा टाकत.

"शिंप्यांनी फोन केला, बाबा. यांना न सांगता आलेय. कुठे करायची सही?"