लोहाराचं फेरिटिन

ती. अण्णांना,
इथूनच वाकून नमस्कार.

मी बरी आहे, वेळेवर जेवते. प्रयोगशाळेत दिवसभर रक्ताच्या नळ्या तपासायच्या, एवढंच काम. माझी काळजी नको.

तुमचा रिपोर्ट मिळाला. आई लिहिते, फेरिटिन नऊशे आलेलं पाहून तुम्ही भट्टीवर येईल त्या गिऱ्हाइकाला सांगताय, "लोहाराच्या रक्तात लोखंड कमी कसं पडेल!" मला हसू आलं. मग तो आकडा मी पुन्हा वाचला.

अण्णा, फेरिटिन म्हणजे लोखंड नव्हे. ती लोह साठवायची प्रथिनाची पेटी. मोकळं लोह शरीराला इजा करतं, म्हणून ते पेटीत ठेवलेलं असतं. त्यातल्या थोड्या पेट्या रक्तात उतरतात, त्या आम्ही मोजतो. आकडा कमी आला तर साठा संपत आला, हे नक्की. पण जास्त आला म्हणजे साठाच जास्त, असं नाही. आत कुठे सूज असली, यकृत दुखावलं असलं, तरीही पेट्या वाढतात.

घाबरू नका, पण याच आठवड्यात डॉक्टरांकडे जा. ताप येतो का? वजन उतरलंय का? आई यावर एक अक्षर लिहीत नाही, म्हणजे तुम्हीच तिला गप्प केलं असणार.

कुऱ्हाड कितीही चकचकीत दिसली तरी हातोडीनं वाजवून पाहिल्याशिवाय तुम्ही ती कुणाच्या हातात देत नाही. आत चीर असली की आवाज बद्द येतो, हे तुम्हीच मला शिकवलंत.

तुमचा आकडा मला बद्द वाजला, अण्णा.

तुमचा भाता ओढणारी,
धाकटी