काच पुसायची राहिली होती

१४ मार्च

तीर्थस्वरूप भाऊजी,

साष्टांग नमस्कार. ताईचा गुडघा कसा आहे? मी दिलेला पट्टा ती बांधत नसणार, तेवढं तिला रागवा. मी ठणठणीत. ऑफिसात नवे पंखे लागलेत, कागद उडतात. पण मापं तपासणाऱ्या खात्यात वजनांना काय तोटा! "जा, सरकारात वजनं पुसत बस," असं तुम्हीच म्हणाला होतात. पुसत पुसत इथवर आले. आता दाखल्यावर माझी सही लागते.

तुमचं यंत्र पोचलं. भट्टीच्या भोकातून नुसतं बघून आतलं तापमान सांगणारं, तुमच्या नावाचं. दाखल्याशिवाय आता ते विकता येणार नाही, म्हणून ताईचा फोन आला होता. "घरचंच काम आहे, सही करून टाक की गं." वीस वर्षांपूर्वी म्हणाली होती, "घरचीच गोष्ट आहे, गप्प बस की गं." तेव्हा मी बसले.

यंत्र आलं तसं मला राहवलं नाही, मी स्वतः तपासलं. ते चाळीस अंश जास्त दाखवतं. कारखान्यांच्या तक्रारीही आहेत: भट्टी तापली असं समजून काच ओततात आणि बरण्या तडकतात. जुने भट्टीवाले म्हणे तुमच्या काट्याकडे बघतच नाहीत, ज्वाळेचा रंग बघतात.

हे चाळीस कुठून आले ते मला ठाऊक आहे. तुमच्या प्रयोगशाळेत मी दुरुस्तीचा आकडा, म्हणजे काट्यात किती अंश मिळवायचे तो, काढला, त्या दिवशी भोकावरची काच पुसायची राहिली होती. काजळीतूनच मोजलं. म्हणून वहीत पेन्सिलीने लिहिलं, "साठ? काच पुसून उद्या पुन्हा." आता इथे पुसून मोजलं, तर वीसच भरले. पण दुसऱ्या दिवशी तुम्ही मला गोदामात बसवलंत, वही कपाटात घातलीत आणि माझे साठ स्वतःच्या नावावर छापलेत, प्रश्नचिन्ह तेवढं गाळून. सत्काराच्या भाषणात म्हणालात, "आमच्या घरातली एक मुलगी आकडे उतरवून द्यायची." सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीसुद्धा.

खोटं कशाला बोलू, काटा चुकलेला पाहून मला हसू आवरेना. चोरलंत, तेही कच्चंच!

नात्यातलं प्रकरण, म्हणून फाइल नियमाप्रमाणे शेजारच्या साहेबांकडे दिली. माणूस खडूस आहे. आकडा सुधारायचा तर मूळ मोजणीची वही मागेल. नाही म्हणालात तर दाखला नाही. दिलीत तर विचारेल, हे अक्षर कुणाचं? माझ्या अक्षराचा नमुना आणि जबाब फाइलला जोडून ठेवलाय.

ताईला हे पत्र वाचून दाखवा, काही न गाळता. ती रडेल. त्याचं मला वाईट वाटतं, पण त्याने जबाबावरची माझी सही बदलणार नाही.

आपल्या घरातली,
आकडे उतरवून देणारी मुलगी